अमेरिकन धोरणांवरची पुस्तकं: आधी कायदा धरा, मग लेखक

प्रश्न थोडक्यात असा आहे. पुण्यात राज्यशास्त्रात एम.ए. करणाऱ्या एका वाचकाला अमेरिकेची सामाजिक-आर्थिक धोरणं आणि त्यामागचे राजकीय विचार पुस्तकांतून समजून घ्यायचे आहेत. हाताशी पन्नासेक नावांची यादी आहे. वर अर्थशास्त्रज्ञ हायेक आणि फ्रीडमन, तत्त्वज्ञ रॉल्स, खाली अलीकडची गाजलेली पुस्तकं. सुरुवात कुठून करू, आणि एकतर्फी पुस्तक ओळखायचं कसं, हे त्यांनी विचारलं आहे.

माझी नोकरी अमेरिकेतल्या एका राज्याच्या समाजकल्याण खात्यात, अर्थसंकल्पाच्या टेबलावर झाली. ही पुस्तकं मी आवडीने वाचली, पण त्यांची पारख झाली ती कामामुळे. समोर तरतुदीचा कागद असला की कुठला लेखक कुठे हात आखडता घेतो ते लगेच दिसतं. म्हणून माझा सल्ला: यादीच्या वरच्या टोकाला निदान सहा महिने हात लावू नका. एक कायदा निवडा आणि त्याच्या आधीचं-नंतरचं वाचा. माझी निवड 1996चा वेल्फेअर कायदा. दोन्ही बाजूंच्या उत्तम लेखकांनी त्यावर आधी भांडून घेतलं आहे, कायदा झाल्यावर परत भांडले आहेत, आणि त्याचे परिणाम मोजायला आता पुरेसा काळ गेला आहे.

पुस्तकं उघडण्यापूर्वी पैशाची वाट समजून घ्या. 1935च्या सोशल सिक्युरिटी कायद्यात दोन वेगळ्या गोष्टी एकत्र होत्या. एक, म्हाताऱ्यांचं पेन्शन. पगारातून कापून घेतलेल्या कराचं, थेट वॉशिंग्टनहून मिळणारं. दुसरी, घरात कमावता पुरुष नसलेल्या मुलांसाठीची मदत. ही राज्यांनी चालवायची, रक्कम राज्यांनी ठरवायची, आणि खर्चाचा वाटा केंद्राने उचलायचा. सुरुवातीला एक तृतीयांश, पुढे जास्त. या दुसऱ्या योजनेलाच लोक 'वेल्फेअर' म्हणू लागले. तिची खुबी अशी की पात्र कुटुंबं वाढली तर केंद्राचा पैसाही आपोआप वाढायचा. 1996च्या कायद्याने ती खुबीच काढून घेतली. राज्यांना मिळून वर्षाला साधारण साडेसोळा अब्ज डॉलरची ठोक रक्कम, म्हणजे ब्लॉक ग्रँट. मंदी येवो, महागाई येवो, रक्कम तीच.

मराठी वाचकाला हा मुद्दा परका वाटायला नको. बाबासाहेब आंबेडकरांनी कोलंबियात (1913 ते 1916) ज्यांच्या हाताखाली अभ्यास केला ते एडविन सेलिगमन हे करपद्धतीचे मोठे अभ्यासक. आणि बाबासाहेबांचा प्रबंध होता ब्रिटिश हिंदुस्थानातल्या प्रांतिक अर्थव्यवहारावर. 1925 साली तो छापला गेला तेव्हा प्रस्तावना सेलिगमन यांचीच होती. वरून पैसा कोणत्या रीतीने खाली येतो, ठोक नेमणूक म्हणून की उत्पन्नातला हिस्सा म्हणून, आणि त्या रीतीमुळे खालच्या सरकारची वागणूक कशी बदलते, हाच त्या प्रबंधाचा गाभा आहे. तो वाचलेला माणूस अमेरिकन वेल्फेअरच्या वादात अर्धी वाट चालून आलेला असतो.

आता पुस्तकं. पहिलं मायकेल हॅरिंग्टन यांचं 'द अदर अमेरिका', 1962चं. दोनशेच्या आसपास पानं. हॅरिंग्टन समाजवादी, गरिबांसाठी काम करणाऱ्या 'कॅथलिक वर्कर' चळवळीतून आलेले. सुबत्तेच्या त्या काळात चार ते पाच कोटी अमेरिकन गरीब आहेत आणि नव्या हमरस्त्यांवरून जाणाऱ्या मध्यमवर्गाला ते दिसतच नाहीत, असा त्यांचा दावा. सुरुवातीला पुस्तक फारसं गाजलं नाही. जानेवारी 1963 मध्ये 'न्यू यॉर्कर'मध्ये ड्वाइट मॅकडॉनल्ड यांचं लांबलचक परीक्षण आलं आणि चक्रं फिरली. 8 जानेवारी 1964 रोजी अध्यक्ष लिंडन जॉन्सननी दारिद्र्याविरुद्ध युद्ध पुकारलं. त्याच वर्षी फूड स्टँपचा, म्हणजे अन्नासाठीच्या सरकारी कुपनांचा कायदा, पुढच्या वर्षी मेडिकेअर (वृद्धांचा सरकारी आरोग्यविमा) आणि मेडिकेड (गरिबांचा). एका पुस्तकाने हे सगळं केलं असं म्हणणं बाळबोध आहे. अर्थशास्त्रज्ञ आधीपासून कामाला लागले होते. पण 'गरीब' हा विषय चर्चेत आणण्याचं श्रेय हॅरिंग्टनना द्यावंच लागतं. आज वाचताना त्यातला एक धागा खटकेल. गरिबीची स्वतःची एक संस्कृती असते, ती पिढ्यान्‌पिढ्या चालते, हे त्यांनी मदत वाढावी म्हणून लिहिलं. वीस वर्षांनी विरोधकांनी तेच वाक्य मदत थांबवावी म्हणून वापरलं.

हॅरिंग्टनसोबत एक पुस्तक नसलेली गोष्ट वाचाच: मॉली ऑर्शान्स्की यांचा जानेवारी 1965चा लेख, सोशल सिक्युरिटीच्या सरकारी नियतकालिकातला. अमेरिकेची दारिद्र्यरेषा या बाईंनी आखली. कृषी खात्याकडे घरखर्चाच्या आहार-योजना होत्या. त्यातली सगळ्यात स्वस्त योजना, जी खात्याच्याच शब्दांत तात्पुरत्या किंवा अडचणीच्या वेळेपुरती होती, ती त्यांनी घेतली. 1955च्या पाहणीत कुटुंबांचा सुमारे एक तृतीयांश खर्च अन्नावर होत असल्याचं दिसलं होतं, म्हणून त्या आहाराच्या किमतीला तिनाने गुणलं. चौघांच्या कुटुंबासाठी 1963 सालची रेषा आली वर्षाला सुमारे 3,100 डॉलर. अधिकृत दारिद्र्यरेषा आजही तीच आहे, फक्त महागाईने फुगवलेली. अन्नावरचा हिस्सा तेव्हापासून कितीतरी घटला, घरभाडं आणि औषधपाणी वाढलं, पण तिनाचा गुणाकार तसाच आत बसलेला आहे. उलट बाजूने, फूड स्टँप आणि करातून मिळणारा परतावा हे या मोजणीत उत्पन्न म्हणून धरलेच जात नाहीत. म्हणजे सरकारने त्या वाटेने कितीही खर्च केला तरी अधिकृत दारिद्र्य एका टक्क्यानेही हलत नाही! (2011पासून एक पूरक मोजमाप प्रसिद्ध होतं, त्यात हे धरतात.) पुण्याच्या वाचकाला दांडेकर आणि रथ यांचं भारतातल्या दारिद्र्यावरचं 1971चं काम माहीत असेलच, उष्मांकांवरून रेषा काढण्यातले प्रश्न तिथेही आहेत. 'दारिद्र्य हटलंच नाही' असं लिहिणाऱ्या कुठल्याही अमेरिकन लेखकाने कोणती रेषा वापरली आहे ते आधी बघा. निम्मा वाद तिथेच मिटतो.

अधिकृत आकडे असे: 1959 साली 22.4 टक्के लोक रेषेखाली, 1973 साली 11.1 टक्के. त्यानंतर हा आकडा वरखाली होत राहिला. वृद्धांमध्ये मात्र 1959चे 35 टक्के नव्वदच्या दशकाअखेर दहाच्या घरात आले. फरक का पडला? 1972च्या कायद्याने पेन्शन महागाईशी बांधलं. मुलांची मदत कधीच बांधली नाही. वैचारिक ग्रंथांच्या ढिगाऱ्यात हे एक कलम हरवून जातं.

पुढचं नाव डॅनियल पॅट्रिक मॉयनिहन. दिल्लीत 1973 ते 1975 अमेरिकेचे राजदूत होते, त्यामुळे आपल्याकडच्या जुन्या पत्रकारांना माणूस आठवत असेल. (त्यांच्या आधी, 1961 ते 1963, त्याच खुर्चीवर 'द अफ्लुअंट सोसायटी'चे गॅलब्रेथ होते. या वादातले दोन मोठे लेखक दिल्लीतून तारा पाठवत होते ही गंमतच.) 1965 मध्ये मजूर खात्यात असताना मॉयनिहन यांनी कृष्णवर्णीय कुटुंबांवर एक अहवाल लिहिला. कुटुंब मोडण्याचं मूळ गुलामगिरी आणि बेकारीत आहे असं त्यांचं म्हणणं होतं, पण वाचणाऱ्यांनी नेमकं 'कुटुंब मोडलं आहे' एवढंच उचललं आणि गदारोळ झाला. अहवाल मजूर खात्याच्या संकेतस्थळावर फुकट आहे, मुळातून वाचा. त्यावर मतं देणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांनी तो वाचलेला नसतो.

हेच मॉयनिहन पुढे रिपब्लिकन अध्यक्ष निक्सन यांचे सल्लागार झाले आणि 1969 मध्ये त्यांनी गरीब कुटुंबांना किमान उत्पन्नाची हमी देणारी योजना आणली. प्रतिनिधीगृहात ती 1970 साली मंजूर झाली, सिनेटमध्ये मेली. उजव्यांना ती फार उदार वाटली, डाव्यांना फार कंजूष. ही हकिकत त्यांनी स्वतःच 'द पॉलिटिक्स ऑफ अ गॅरंटीड इन्कम' (1973) मध्ये सांगितली आहे. शैली आत्मप्रौढीची आहे, पुस्तक जाड आहे, मधली प्रकरणं चाळली तरी चालतील. पण 'डेमोक्रॅट म्हणजे उदार, रिपब्लिकन म्हणजे कंजूष' ही समजूत घालवायला याहून चांगलं औषध नाही.

आता चार्ल्स मरे, 'लूझिंग ग्राउंड', 1984. हे नावडतं असलं तरी सोडू नका. मदतीमुळेच गरिबी टिकली, असा त्यांचा दावा. पुस्तकाच्या मध्यावर हॅरल्ड आणि फिलिस हे काल्पनिक जोडपं आहे. फिलिसला दिवस गेले आहेत. 1960 साली त्यांना लग्न करून, हॅरल्डने धुलाईखान्यातली का होईना नोकरी धरून राहणं फायद्याचं होतं. 1970 साली नियम बदलले होते, आणि लग्न न करता मदत घेणं फायद्याचं झालं. स्वभाव तेच, हिशेब बदलला. लिखाण इतकं सफाईदार आहे की वाचक मान डोलावतो.

आता कागद काढून तपासा. मरे यांनी उदाहरणासाठी घेतलेलं राज्य पेनसिल्व्हेनिया. तिथली मदत देशाच्या सरासरीपेक्षा बरीच जास्त वाढली होती. दुसरं म्हणजे, 1970 नंतर महागाई वजा करता मदतीची रक्कम देशभर घसरतच गेली. सगळी राज्यं क्रमाने लावली तर मधोमध येणाऱ्या राज्यातली घट नव्वदच्या दशकाच्या मध्यापर्यंत चाळीस टक्क्यांच्या वर होती. मदत आकसत असताना एकट्या आयांची कुटुंबं वाढतच होती. मदत हेच कारण असतं तर उलटं व्हायला हवं होतं. मरे यांच्या बाजूचं उत्तर असं की नुसती रोख रक्कम बघू नका, फूड स्टँप आणि मेडिकेड त्यात मिळवा. मुद्दा अगदीच टाकाऊ नाही, पण तो धरूनही आलेख जुळत नाही असं माझं मत आहे.

मरे यांना खरं उत्तर दिलं ते शिकागोच्या विल्यम ज्युलियस विल्सन यांनी, 'द ट्रुली डिसअॅडव्हान्टेज्ड' (1987) मध्ये. कारखाने शहरातून गेले, पाठोपाठ कमावती कृष्णवर्णीय कुटुंबंही चांगल्या वस्त्यांत गेली, मागे राहिलेल्या वस्तीत नोकरी असलेला लग्नाचा मुलगाच मिळेना. गिरणगावात वाढलेल्या मराठी माणसाला यातली काही पानं ओळखीची वाटतील. विल्सन रूक्ष लिहितात. 

मग येतो मला सर्वात महत्त्वाचा वाटणारा आणि सगळ्यात कमी वाचला जाणारा माणूस, डेव्हिड एलवुड. त्यांचं 'पुअर सपोर्ट' (1988) सांगतं की मदतीला मुदत घाला, पण मुदत संपल्यावर सरकारने किमान वेतनाचं काम दिलं पाहिजे, आरोग्यविमा दिला पाहिजे, कमी पगाराला करातून जोड दिली पाहिजे. अध्यक्ष क्लिंटन यांनी त्यांना वॉशिंग्टनला, आरोग्य आणि मानवी सेवा खात्यात नेलं. काँग्रेसमधून, म्हणजे अमेरिकन संसदेतून, शेवटी जे बाहेर पडलं त्यात मुदत राहिली, पाच वर्षांची, आणि कामाची हमी गळाली. एलवुड त्याआधीच, 1995 मध्ये, हार्वर्डला परतले होते. 22 ऑगस्ट 1996 रोजी सही झाल्यावर त्याच खात्यातले पीटर एडलमन यांनी राजीनामा दिला. सिनेटमध्ये या कायद्याविरुद्ध सगळ्यात कडवट बोलले ते मॉयनिहन.

इथे मराठी वाचकाची एक हमखास गफलत होते. 'कामाची अट' ऐकलं की आपल्या डोळ्यांसमोर रोजगार हमी येते: मागेल त्याला काम, आणि काम न दिल्यास भत्ता. महाराष्ट्राच्या 1977च्या कायद्यात बांधील आहे ते सरकार. अमेरिकन कायद्यात बांधील आहे ती मदत मागणारी बाई. काम तिने शोधायचं, न मिळाल्यास मदत तिची थांबायची. 2025च्या जुलैमध्ये मंजूर झालेल्या कायद्यातही मेडिकेडच्या काही लाभार्थ्यांवर महिन्याला 80 तासांची अट घातली आहे. तिथेही काम पुरवायची जबाबदारी सरकारवर नाही.

कायद्यानंतर काय झालं? 1994 मध्ये या मदतीवर सुमारे 1 कोटी 40 लाख लोक होते; पुढच्या काही वर्षांत ती संख्या निम्म्याहून खाली आली. एकट्या आयांचा रोजगार वाढला हेही खरं. त्याचं श्रेय कायद्याला, की नव्वदच्या तेजीला, की कमी पगाराला करातून मिळणाऱ्या वाढीव जोडीला, यावर अर्थशास्त्रज्ञांचं आजही एकमत नाही. ठोक रकमेचा परिणाम मात्र माझ्या टेबलावर रोज दिसायचा. उरलेला पैसा राज्याला 'कुटुंबांच्या भल्यासाठी' अशा ढगळ शीर्षाखाली जवळपास कशावरही टाकता येतो. अर्थसंकल्पात भगदाड पडलं की कोणीतरी विचारणारच, ब्लॉक ग्रँटमध्ये किती शिल्लक आहे? नियमात बसवून पैसा इकडचा तिकडे करण्यात खाती तरबेज होतात. मिसिसिपीत प्रकरण नियमाच्याही पलीकडे गेलं. 2020 साली राज्याच्या लेखापरीक्षकांनी कोट्यवधी डॉलरचा गैरवापर उघड केला, त्यात विद्यापीठाच्या व्हॉलीबॉल स्टेडियमवर गेलेला पैसाही होता. त्याच राज्यात 2021पर्यंत तिघांच्या कुटुंबाला मिळणारी कमाल मदत महिन्याला 170 डॉलर होती.

या टप्प्यावर कॅथरिन एडिन आणि ल्यूक शेफर यांचं 'टू डॉलर्स अ डे' (2015) आणि मॅथ्यू डेस्मंड यांचं 'इव्हिक्टेड' (2016) घ्या. पहिल्यातल्या मुख्य आकड्यावर, म्हणजे माणशी दिवसाला दोन डॉलरहून कमी रोख रकमेवर जगणाऱ्या कुटुंबांच्या संख्येवर, पुढे अर्थशास्त्रज्ञ ब्रूस मेयर आणि सहकाऱ्यांनी सरकारी नोंदी जोडून हरकत घेतली: पाहणीत रोख उत्पन्न नाही म्हणणाऱ्या अनेकांना प्रत्यक्षात काही ना काही मिळत होतं. ही हरकत वाचून मग पुस्तकातल्या कुटुंबांकडे परत या. त्यांच्या हकिकती तरीही टिकतात, देशभराचा आकडा तेवढा सैल होतो. 'इव्हिक्टेड' मिल्वॉकी शहरातलं आहे, आणि त्यातला एक हिशेब पुस्तकभर पुरतो. अर्लीन नावाने येणाऱ्या आईला महिन्याची मदत 628 डॉलर, घरभाडं 550. हातात उरले 78. बाकीचं पुस्तक या 78 डॉलरांत काय काय बसत नाही त्याचं आहे. डेस्मंड घरमालकिणीलाही तितक्याच जवळून दाखवतात, हे मला विशेष वाटलं. त्यांचं नंतरचं 'पॉव्हर्टी, बाय अमेरिका' (2023) प्रचारकी आहे. आधी वाचू नका.

वंशाचा प्रश्न मी मुद्दाम इथवर थांबवला, कारण धोरणाची कलमं डोक्यात असली की तो नीट कळतो. जोतीराव फुल्यांनी 1873 साली 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामीविरुद्ध लढणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण केली, तेव्हापासून आपलं या विषयाशी नातं आहे. त्यामुळे मराठी वाचक सरळ जात आणि वंश यांच्या तुलनेकडे धावतो आणि इसाबेल विल्करसन यांचं 'कास्ट' (2020) उचलतो. पुस्तक वाचनीय आहे, पण धोरण शिकायला त्याचा फार उपयोग नाही. त्यापेक्षा आयरा कॅट्सनेल्सन यांचं 'व्हेन अफर्मेटिव्ह अॅक्शन वॉज व्हाइट' (2005) घ्या. 1935च्या कायद्यातून शेतमजूर आणि घरकामगार वगळले गेले. दक्षिणेतले बहुसंख्य कृष्णवर्णीय याच दोन कामांत होते. दक्षिणेच्या डेमोक्रॅट खासदारांनी हे घडवलं, असा त्यांचा युक्तिवाद. सोशल सिक्युरिटी खात्याचे इतिहासकार लॅरी डेविट यांनी त्यावर आक्षेप घेतला: वगळण्याची शिफारस अर्थखात्याने केली होती, कारण ठिकठिकाणी विखुरलेल्या मालकांकडून कर गोळा कसा करायचा हा प्रश्न होता, आणि वगळलेल्यांत गोऱ्यांची संख्या जास्त होती. माझ्या मते दोघांचंही म्हणणं एकाच वेळी खरं असू शकतं. प्रशासनाची अडचण खरी असते आणि ती कोणाच्या बाबतीत चालवून घ्यायची हे राजकारण ठरवतं.

घरांबाबत रिचर्ड रॉथस्टीन यांचं 'द कलर ऑफ लॉ' (2017). त्यासोबत रिचमंड विद्यापीठाने संकेतस्थळावर ठेवलेले तीसच्या दशकातले गृहकर्ज महामंडळाचे नकाशे बघाच. नकाशातल्या प्रत्येक वस्तीचा एक छापील फॉर्म आहे. रहिवाशांचा व्यवसाय, अंदाजे उत्पन्न, परदेशात जन्मलेले किती, निग्रो किती, आणि पुढची ओळ: 'शिरकाव कोणाचा'. रकाना छापूनच आलेला. कारकुनाने फक्त भरायचा. पूर्वग्रह सरकारी कागदावर कसा बसतो ते या एका फॉर्मवरून जितकं कळतं तितकं प्रकरणच्या प्रकरण वाचून कळत नाही. मात्र अलीकडच्या आर्थिक इतिहासकारांचं म्हणणं लक्षात ठेवा: या नकाशांपेक्षा 1934च्या संघीय गृहविमा संस्थेचे नियम अधिक घातक होते.

आता अमेरिकेत नोकरी करणाऱ्या मित्रांशी वाद घालायला उपयोगी पडेल असं पुस्तक: सुझॅन मेटलर, 'द सबमर्ज्ड स्टेट' (2011). त्यांच्या पाहणीत, घरकर्जाच्या व्याजावर करसवलत घेणाऱ्यांपैकी 60 टक्के लोकांनी सांगितलं की आम्ही कुठल्याही सरकारी योजनेचा कधी लाभ घेतलेला नाही. मेडिकेअर घेणाऱ्यांतही 40 टक्क्यांनी तेच सांगितलं. न्यू जर्सीतला आपला मराठी आयटीवाला 'मी कोणाचं फुकट खात नाही' म्हणतो, तेव्हा कंपनीच्या आरोग्यविम्यावर त्याला कर लागत नाही हे तो विसरतो. ती सवलत दुसऱ्या महायुद्धातल्या वेतननियंत्रणातून रुजली. पगार वाढवता येत नव्हता म्हणून मालक विमा देऊ लागले, आणि 1954च्या करसंहितेने ती पक्की केली. विमा नोकरीला बांधला गेला तो असा. आरोग्याचा पुढचा-मागचा इतिहास हवा असेल तर पॉल स्टार यांचं 1982चं पुस्तक, 'द सोशल ट्रान्सफॉर्मेशन ऑफ अमेरिकन मेडिसिन'. जाड आहे, पण दुसरा अर्धा भाग कादंबरीसारखा सरकतो. अर्थात त्या आयटीवाल्याचीही एक रास्त तक्रार आहे. तो दर पगारातून सोशल सिक्युरिटीचे 6.2 टक्के भरतो, पेन्शनच्या हक्कासाठी साधारण दहा वर्षांचा भरणा लागतो, आणि भारत-अमेरिका यांच्यात तसा परस्पर करार न झाल्याने लवकर परतणाऱ्याचे पैसे तिथेच राहतात.

माझं सगळ्यात आवडतं पुस्तक अजून सांगायचं आहे: जेफ्री प्रेसमन आणि एरन विल्डावस्की, 'इम्प्लिमेंटेशन' (1973). ओकलंड शहरात बेकार अल्पसंख्याकांना काम मिळावं म्हणून केंद्राने 1966 मध्ये विमानांचं हँगर आणि बंदरातला धक्का यांसाठी सुमारे 2 कोटी 30 लाख डॉलर मंजूर केले. विरोध कोणाचाच नव्हता, पैसा हातात होता, तरी वर्षं गेली आणि नोकऱ्या नावापुरत्या झाल्या. लेखकांनी मोजलं: काम पुढे सरकायला तीस टप्प्यांवर मिळून सत्तर संमती लागत होत्या. आता गणित करा. प्रत्येक संमती मिळण्याची शक्यता 95 टक्के धरली तरी सत्तरच्या सत्तर मिळण्याची शक्यता तीन टक्क्यांच्याही खाली जाते. 99 टक्के धरली तर जेमतेम निम्मी. आमच्या खात्यात एखादी योजना का रखडली असं कोणी विचारलं की मला हाच तक्ता आठवायचा. एझ्रा क्लाइन आणि डेरेक थॉम्पसन यांचं 'अबंडन्स' (2025) बरंच गाजलं. घरं, रेल्वे, वीजवाहिन्या का उभ्या राहत नाहीत हा त्याचा विषय. त्यातलं बरंचसं ओकलंडच्या त्या हँगरमध्ये सापडतं.

एवढं झाल्यावर यादीतले मोठे लोक उघडा, आणि त्यांच्या नावावर खपवलं जाणारं त्यांनी खरंच लिहिलंय का ते बघा. हायेक यांचं 'द रोड टू सर्फडम' (1944) अमेरिकेत घरोघर पोचलं ते एप्रिल 1945च्या 'रीडर्स डायजेस्ट'मधल्या संक्षेपामुळे, आणि त्यांच्या अनेक भक्तांची मजल तिथेच संपते. मूळ पुस्तकात अन्न, निवारा, वस्त्र यांची किमान हमी सर्वांना द्यायला हायेक यांची हरकत नाही, आजारपण आणि अपघात यांच्या सामाजिक विम्यालाही नाही. फ्रीडमन यांच्या 'कॅपिटॅलिझम अँड फ्रीडम' (1962) मध्ये शाळांची व्हाउचरं आहेत, सक्तीची लष्करभरती बंद करा हे आहे (ती 1973 मध्ये झाली), आणि गरिबांना उलटा आयकर द्या, म्हणजे उत्पन्न कमी असेल तर कर घेण्याऐवजी सरकारनेच रक्कम द्यावी, हेही आहे. निक्सन यांच्या योजनेची मुळं तिथपर्यंत जातात. तपशिलावरून मात्र फ्रीडमन तिच्यावर उलटले. 1955 साली ते भारत सरकारला सल्ला द्यायलाही येऊन गेले होते, तो सल्ला कोणी ऐकला नाही हा भाग वेगळा. रॉल्स यांचं 'अ थिअरी ऑफ जस्टिस' (1971) आणि नोझिक यांचं 'अॅनार्की, स्टेट अँड युटोपिया' (1974) पाठोपाठ वाचा. दोघे हार्वर्डच्या एकाच विभागात होते. रॉल्स अख्खे वाचायची गरज नाही, पहिली तीन प्रकरणं पुरेत. दोघांपैकी कोणीही 1996च्या कायद्यातल्या एकाही कलमावर थेट काही सांगत नाही. एम.ए.च्या परीक्षेत हे विचारणार नाहीत, पण तुम्ही स्वतःला विचारा.

राहिला प्रश्न एकतर्फी पुस्तकांचा. बाजू नसलेलं पुस्तक या विषयात बहुधा कंटाळवाणं असतं, तेव्हा बाजू असण्याचा बाऊ करू नका. मी तीन ठिकाणी बोट ठेवतो. डॉलरची रक्कम दिली असेल तर ती महागाई वजा करून आहे का. सुरुवातीचं आणि शेवटचं वर्ष कोणतं निवडलंय (मंदीच्या तळापासून तेजीच्या टोकापर्यंत मोजलं की काहीही सिद्ध करता येतं). आणि अवतरणं अर्धवट तोडलेली आहेत का. तिसऱ्या कारणावरून, अमेरिकेतल्या उजव्या चळवळीचा इतिहास सांगणाऱ्या नॅन्सी मॅक्लीन यांच्या 'डेमोक्रसी इन चेन्स' (2017) वर डाव्या अभ्यासकांनीही टीका केली होती. विषय महत्त्वाचा होता, म्हणून मला ते जास्त खटकलं.

पहिल्या तीन महिन्यांत हॅरिंग्टन, ऑर्शान्स्की यांचा लेख, मरे, विल्सन आणि 'इव्हिक्टेड' एवढंच करा. एलवुड बाजारात सहज मिळत नाही, ग्रंथालयातून मागवावं लागेल. आजच अर्ज टाका. 'इम्प्लिमेंटेशन'ची 1984ची तिसरी आवृत्ती घ्या, तिच्यात नंतर लिहिलेली प्रकरणं आहेत. 'लूझिंग ग्राउंड' जुन्या बाजारात मिळालं तर कुठलीही आवृत्ती चालेल, फक्त मागची परिशिष्टं फाटलेली नाहीत ना ते बघून घ्या. तक्ते सगळे तिथेच आहेत.